द्राक्षबागेचा कारभार सोडताना

द्राक्षाच्या घरात मुलाला त्याची वाट धरू देणे हे एका बैठकीत उरकणारे काम नाही. मुलगा नोकरीसाठी परगावी गेला, तर त्याची निवड आईबापाला पटो न पटो, ती रोज डोळ्यांसमोर उभी नसते. मुलगा बागेत उतरला, की ती निवड बापाच्याच मांडवाखाली, बापाच्याच विहिरीवर आणि बापाच्याच कर्जावर वाढू लागते. तोंडाने होकार देऊन झाला, तरी हातातून एकेक वस्तू सोडावी लागते: आधी कात्री, मग ब्लोअर, मग फवारणीची वही, मग सातबारा आणि सगळ्यांत शेवटी बँकेचा व्यवहार. नाशिक जिल्ह्याच्या निफाड तालुक्यातल्या, चार एकर बाग असलेल्या एका घरात हे सुटणे जवळपास तीन वर्षे चालले. पुढील विवरण त्या घराचे आहे.

द्राक्षवेलीची वर्षातून दोनदा छाटणी होते आणि पीक एकदाच येते. माल निघाल्यावर एप्रिलच्या सुमारास खरड छाटणी. तिच्यानंतर फुटलेल्या काड्यांमध्ये, डोळ्यांना काहीही दिसत नसताना, पुढच्या हंगामाचा घड आकार घेत असतो. ऑक्टोबरच्या आसपास फळछाटणी, आणि तिथून काढणीपर्यंत चार ते पाच महिने. या काळात काडीवरचे डोळे फुटावेत म्हणून पेस्ट लावायची, पोंग्याच्या अवस्थेपासून फवारणी धरायची, फुलोऱ्यात डाऊनी रोगापासून घड राखायचे, जीए या संजीवकाच्या पाण्यात एकेक घड बुडवून डिपिंग करायचे, कात्रीने मणी काढून थिनिंग करायचे, मण्यात पाणी उतरले की भुरीवर नजर ठेवायची. निफाडचा पारा डिसेंबर-जानेवारीत राज्यात सर्वांत खाली जातो म्हणून वर्तमानपत्रांत झळकतो. त्या पहाटे बागेत शेकोट्या पेटवून बसायचे. पाऊस कोणत्याही टप्प्यावर आला, तरी त्याचे उत्तर दुसऱ्या दिवशी देऊन चालत नाही. फवारणी करायची की थांबायचे हे रात्रीच ठरते आणि बहुतेक वेळा ते एकाच माणसाने ठरवलेले असते. नोकरीतली चूक पुढच्या महिन्यात सावरता येते. बागेतल्या चुकीला पुढच्या फळछाटणीपर्यंत वाट पाहावी लागते. बागायतदाराच्या हातातून निर्णय सुटत नाही, त्याच्या मुळाशी स्वभावापेक्षा ही सवय जास्त असते.

मुलाने बागेत येऊ नये ही इच्छाही याच सवयीतून जन्मते. बाहेरून पाहणाऱ्याला वाटते, की शेतकऱ्याला मुलाने शेती पुढे न्यावी असे वाटत असणार. द्राक्षपट्ट्यात अनेक घरांत नेमके उलटे असते. या घरातल्या वडिलांनी 2003 मध्ये नेदरलँड्समध्ये भारतीय द्राक्षांत कीडनाशकांचे अंश सापडल्याची बातमी आणि त्यानंतर बदललेले सगळे नियम पाहिले होते. 2010 मध्ये वेलीची वाढ रोखण्यासाठी सर्रास वापरल्या जाणाऱ्या लिहोसिनमधल्या क्लोरमेक्वाट क्लोराइडचे अंश युरोपात अडले आणि निर्यातीचा माल पडून राहिला, तेव्हा त्यात त्यांचेही खोके होते. 2014 च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये महाराष्ट्रभर गारपीट झाली. ऐन काढणीत आलेला माल गारांनी फोडला आणि मांडवाखाली सडक्या रसाचा वास आठवडाभर राहिला. मुलगा त्या वेळी नाशिकला यंत्र अभियांत्रिकीच्या तिसऱ्या वर्षाला होता. सुट्टीत तो घरी आला, तेव्हा वडिलांनी त्याला बागेत जाऊ दिले नाही. पाहण्यासारखे काही नाही, असे सांगितले. मुलाने पदवी घेऊन चाकणच्या पट्ट्यात नोकरी धरावी हे त्याच आठवड्यात पक्के झाले. कुणी त्याला विचारले नव्हते, आणि त्यालाही त्या वेळी वेगळे काही म्हणायचे नव्हते.

आणखी एक भीती होती आणि तिच्याबद्दल घरात मोठ्याने बोलले जात नसे. ग्रामीण महाराष्ट्रात गेली कित्येक वर्षे लग्नाच्या बोलणीत मुलीकडच्यांची अट ठरलेली आहे: शेती असावी, पण मुलगा शेती करणारा नसावा. चार एकर बाग, गाडी, दोन मजली घर असूनही तिशी उलटलेली मुले प्रत्येक गावात मोजून दाखवता येतात. मुलगा चाकणला नोकरीला लागताच स्थळे येऊ लागली होती. त्यामुळे त्याची नोकरी ही घराच्या हिशेबात पगारापेक्षा मोठी गोष्ट होती.

इथे थोडे मागे जायला हवे. ही बाग ज्यांनी उभी केली, त्यांनीही एकेकाळी घरच्यांच्या मनाविरुद्ध केली होती. आजोबांचा ऊस होता. कारखान्याची टोळी यायची, तोडून न्यायची, पैसे उशिरा का होईना मिळायचे. 1994 मध्ये वडिलांनी उसाचे एक एकर मोडून थॉमसन सीडलेस लावले, तेव्हा अँगल, तारा आणि बांबूंवर खर्च होणारा पैसा पाहून आजोबा म्हणाले होते, की हा मांडव लग्नाचाही नाही आणि देवाचाही नाही. पहिला माल निघेपर्यंत त्यांनी त्या रानात पाऊल टाकले नाही. पुढे 2003 मध्ये डॉगरिज खुंटावर कलमे भरून दोन एकरांची नवी बाग धरली, तोवर आजोबा नव्हते. वडील ही हकिकत पाहुण्यांना हसत हसत सांगत. ती आपल्यालाही लागू पडेल हे त्यांच्या ध्यानात यायला बराच काळ गेला. द्राक्षशेतीचा इतिहास खरे तर अशा वेगळ्या निघालेल्यांचाच आहे. तासगावची तास-ए-गणेश आणि सोलापूरजवळच्या नान्नजची सोनाका या दोन्ही जाती शेतकऱ्यांनी थॉमसनच्या बागेत वेगळी दिसलेली काडी हेरून, ती जपून आणि वाढवून मिळवलेल्या. बागायतदाराला वेगळ्या काडीचे केवढे कौतुक! घरात वेगळे निघालेल्याच्या वाट्याला ते येतेच असे नाही.

मार्च 2020 मध्ये टाळेबंदी लागली, तेव्हा नाशिकचा द्राक्षहंगाम भरात होता. चाकणचा कारखाना बंद झाला आणि मुलगा घरी आला. व्यापारी फिरकेनात, मजुरांच्या टोळ्या गावी निघून गेल्या, बाजार बंद. पट्ट्यातल्या अनेक घरांनी त्या वर्षी जमेल तसा बेदाणा केला. या घरानेही गच्चीवर आणि शेडमध्ये जाळ्या बांधून माल सुकवला. उरलेला माल मुलाने पुण्यातल्या ओळखीच्या गृहसंकुलांना मोबाइलवरून मागणी घेऊन, पेट्या भरून, पास काढून पोहोचवला. त्यातून नफा झाला नाही, पण तोटा पुष्कळ आवरला. वडिलांनी आयुष्यात पहिल्यांदा आपला माल खाणाऱ्या माणसाचा निरोप वाचला. जूनमध्ये कारखान्यातून बोलावणे आले. मुलगा गेला नाही. रात्री जेवताना त्याने सांगितले, की मला बागच करायची आहे.

वडील म्हणाले, “कर तुझ्या मनानं.”

या तीन शब्दांचा अर्थ मराठी घरात सगळ्यांना ठाऊक असतो. ही परवानगी नसते. हे हात झटकणे असते, आणि पुढे चुकलास तर आमच्याकडे यायचे नाही ही आगाऊ नोटीसही त्यात असते. ‘आम्ही आता काही बोलणार नाही’ हे वाक्यही त्याच जातीचे. ते बोलणारा माणूस पुढे रोज बोलत असतो. खऱ्या मोकळीकीसाठी भाषेत तयार वाक्यच नाही की काय, अशी शंका येते. निदान या घरात तरी ती मोकळीक कुणाच्या तोंडून शब्दांत आली नाही. जे झाले ते कामांतून झाले, आणि त्यातले बरेच चुकत झाले.

त्यानंतरचे चार महिने बापलेकांचे बोलणे आईच्या मार्फत होत असे. ‘त्याला सांग, ठिबकच्या नळ्या धुवायच्या आहेत.’ ‘नानांना सांग, उद्या धुतो.’ तिघे एकाच ओट्यावर बसलेले असत. आईने निरोप्याचे काम तक्रार न करता केले. दोन्हीकडचे खोचक शब्द ती वाटेतच गाळून टाकी. डिपिंगच्या दिवसांत पहाटे पाचपासून बायकांची फळी घेऊन ओळीने घड बुडवत जाणारी, मजुरीचा हिशेब पाठ असणारी, कोणत्या ओळीत सुईसारखे मणी राहिले हे न पाहता सांगणारी बाई तीच. तिला तिची वाट कुणी विचारली नव्हती. मुलाच्या वाटेची चर्चा करताना घरात कुणालाच हे आठवले नाही, आणि तिनेही आठवण करून दिली नाही.

पहिली वस्तू सुटली ती कात्री. ऑक्टोबर 2020 च्या फळछाटणीला विहिरीजवळचे एक एकर मुलाच्या ताब्यात द्यायचे ठरले. ठरवले आईने, वडिलांनी विरोध केला नाही, एवढेच. मुलाने छाटणीआधी काड्या तपासणीला पाठवल्या आणि कितव्या डोळ्यात घड आहे ते पाहून छाट घेतली. वडिलांचा अंदाज बोटांत होता. काडीची जाडी आणि रंग पाहून ते डोळा ठरवीत, आणि बहुतेकदा बरोबर ठरवीत. मुलाच्या एकरात छाटणी करून टोळी पुढे सरकली, की वडील मागून जात आणि एखादी काडी पुन्हा छाटत. पेठ-सुरगाणा भागातून दर हंगामाला येणारी ही टोळी वर्षानुवर्षे त्याच घरी उतरणारी. तिसऱ्या दिवशी मुकादमाने मांडवाखालीच विचारले, की कोणाचं ऐकायचं ते एकदा सांगा, आम्हाला मजुरी एकदाच मिळते. प्रश्न व्यवहाराचा होता. वडिलांनी कात्री खिशात घातली आणि ते पलीकडच्या बागेत गेले. त्या दिवसापासून मुलाच्या एकरात त्यांनी छाट घेतली नाही. माघार घेताना बापाला मुलासमोर हार मानावी लागली नाही, मुकादमासमोर मानावी लागली. ती मानणे त्यांना सोपे गेले असावे.

कात्री सोडली, तरी नजर सुटत नाही. सकाळी फेरी मारताना वडील मुलाच्या एकरातून जात, पान उलटून पाहत, आणि काही दिसले तर बोलण्याऐवजी ते पान तोडून ओट्यावर आणून ठेवत. मुलाला समजत असे. पहिल्या हंगामात त्या एकरात वेलीवर घड कमी ठेवले होते, म्हणून वजन कमी भरले; दर मात्र बरा मिळाला. हिशेब जवळपास बरोबरीत सुटला. वडील म्हणाले, बरोबरीला बाग करत नाहीत. यात चूक काहीच नव्हते.

दुसऱ्या हंगामात मुलाने ते एकर निर्यातीसाठी ग्रेपनेटमध्ये नोंदवले. 2003 च्या अनुभवानंतर केंद्र सरकारच्या अपेडाने ही व्यवस्था उभी केली. तिच्यात प्रत्येक बागेची कृषी खात्याकडे नोंदणी होते, कोणते औषध केव्हा आणि किती मारले याची वही ठेवावी लागते, आणि काढणीआधी प्रयोगशाळा बागेतून नमुना नेऊन औषधांचे अंश तपासते. प्रत्येक औषधाची शेवटची फवारणी आणि काढणी यांत किती दिवस जायला हवेत हे ठरलेले असते. वही हा या कामाचा कणा. वडील आजवर सगळे डोक्यात ठेवत आले होते. औषधाच्या दुकानदाराची उधारीची वही हीच त्यांची नोंदवही. मुलाची वही चौकोनी रकान्यांची होती: तारीख, औषध, प्रमाण, पाणी, हवामान, कारण. ‘कारण’ या रकान्याची वडील थट्टा करीत. औषधाला कारण काय लागतं, ढग आले हेच कारण.

त्या हंगामात काढणीला तीन आठवडे उरले असताना आभाळ भरून आले. मुलगा एका चर्चासत्रासाठी दोन दिवस पुण्याला गेला होता. जाताना त्याने हवामानाचा अंदाज पाहिला होता आणि फवारणीची गरज नाही असे ठरवून गेला होता. रात्री वारा पडला, हवेत ओल दाटली. 2014 च्या गारा, त्याआधीच्या डाऊनीत गेलेले हंगाम, गावच्या विकास सोसायटीची थकबाकी, सगळे त्या रात्री एकदम समोर उभे राहिले असणार. बारा वाजता वडिलांनी ट्रॅक्टरला ब्लोअर जोडला आणि आपल्या तीन एकरांसह मुलाच्या एकरातही फवारणी केली. औषध घरातले होते, वर्षानुवर्षे भरवशाचे. मुलगा परतल्यावर त्यांनी सांगितले नाही. पाऊस आला नाही, बाग चांगली होती, सांगण्यासारखे काही घडले नाही असे त्यांना वाटले.

नमुन्याचा अहवाल आला, तेव्हा एका औषधाचा अंश मर्यादेच्या वर होता. मुलाने वही पुढून मागून तपासली. ते नाव वहीत कुठेच नव्हते. आधी त्याने प्रयोगशाळेवर संशय घेतला, मग शेजारच्या बागेतून उडून आलेल्या फवाऱ्यावर, मग दुकानदारावर. पुन्हा नमुना देऊन थांबायला मालाला उसंत नव्हती. साखर भरली होती आणि मणी मऊ पडू लागले होते. माल स्थानिक बाजाराला गेला, निर्यातीच्या दराच्या बराच खाली. व्यापाऱ्याची गाडी भरत असताना वडील शेडमध्ये खोके मोजत होते. त्यांनी मोजण्यात दोनदा चूक केली, असे आई नंतर सांगत असे.

चार दिवसांनी मुलाने हंगाम बंद करण्यासाठी वही उघडली. दोन नोंदींच्या मधल्या रिकाम्या ओळीत वळणदार जुन्या अक्षरात नवी नोंद होती. तारीख होती. औषधाचे नाव होते, प्रमाण होते, पाणी किती लिटर तेही होते. हवामानाच्या रकान्यात ‘ढगाळ’ लिहिले होते. कारणाच्या रकान्यात लिहिले होते, ‘भीती’.

या घरातल्या बदलाचे नेमके ठिकाण सांगायचे, तर ते हेच. मुलाने त्याबद्दल काही विचारले नाही, वडिलांनी काही सांगितले नाही. भांडण झाले असते, तर कदाचित लवकर मिटले असते आणि पुन्हा उकरलेही गेले असते. ओळीत लिहिलेली गोष्ट उकरावी लागली नाही. बापाच्या ढवळाढवळीमागे हुकमत असते असे मुलांना वाटते, आणि काही घरांत ती असतेही. पण बागेच्या घरात ढवळाढवळीच्या मुळाशी बहुतेक वेळा भीतीच असते, आणि ती भीती अनुभवाने कमावलेली असल्यामुळे तिला भीती म्हणायला अनुभवी माणूस तयार होत नाही. तो तिला अक्कल म्हणतो. तिचे खरे नाव एकदा लिहिले गेल्यावर तिच्याशी वागणे दोघांनाही जमू लागले. पुढच्या हंगामात ढग आले, की मुलगा स्वतःच वडिलांना फोन करून अंदाज सांगे, मारायचे की नाही आणि का, तेही सांगे. दोन वेळा वडिलांचे म्हणणे ऐकून त्याने फवारणी केली. एकदा ऐकले नाही, डाऊनी आली, आणि चार ओळींतले घड गेले. वडिलांनी ते पान ओट्यावर आणून ठेवले नाही. ब्लोअरच्या ट्रॅक्टरची चावी तेव्हापासून खुंटीवर असते. ती काढण्याआधी वही पाहायची, हा नियम आईलाही लागू आहे.

बाग तोडण्याचा विषय 2022 मध्ये निघाला. 2003 ची बाग एकोणीस वर्षांची झाली होती. खोडे पोकळ झाली होती, ओलांड्यांवर काड्या विरळ फुटत होत्या, उतारा दरवर्षी घटत होता, आणि साध्या थॉमसनला परदेशी बाजारात पूर्वीचा भाव राहिला नव्हता. द्राक्षपट्ट्यात त्या वर्षांत बागेवर कुऱ्हाड चालवणारी घरे वाढत होती. कुणी कर्जाला कंटाळून, कुणी जात बदलण्यासाठी. मुलाला दोन एकर काढून एका एकरात पेटंट असलेली नवी जात लावायची होती. अशा जातीची रोपे करार करून घ्यावी लागतात, रॉयल्टी द्यावी लागते, आणि माल ठरलेल्या कंपनीमार्फतच जातो. वडिलांना यातली शेवटची अट सर्वांत झोंबली. आपली वेल आणि माल दुसऱ्याच्या परवानगीने विकायचा, याला मालकी म्हणत नाहीत, असे त्यांचे म्हणणे. व्यापारी माल उचलून पैसे न देता पळून जातो तेव्हा मालकी कुठे असते, हे मुलाचे उत्तर. असा फटका या घराने एकदा खाल्लेला होता. दोघांचेही मुद्दे आजही खरे आहेत आणि या वादाचा निकाल लागलेला नाही.

तरीही बाग निघाली. वेली कापून, तारा सोडवून, मांडव उतरवायला आठ दिवस लागले. वडिलांनी जेसीबी येण्याच्या दिवशी दुसरे काम काढले नाही, जागेवरच थांबले. आजोबांनी नव्या मांडवाखाली पाऊल टाकले नव्हते, हे त्यांच्या डोक्यात होते की नाही, कोण जाणे. त्यांनी एवढेच केले, की खोडे निघताना प्रत्येक ओळीच्या टोकाला उभे राहून मशीनवाल्याला ठिबकची मुख्य नळी दाखवत राहिले, कारण ती कुठे वळते हे फक्त त्यांना ठाऊक होते. एकोणीस वर्षांपूर्वी चर खणताना खडक लागला म्हणून तिसऱ्या आणि चौथ्या ओळीच्या मध्ये ती वाकडी गेली होती. मुलाच्या नकाशात ती सरळ होती. नळी फुटली नाही.

उतरवलेल्या बागेची काही खोडे चुलीत गेली, काही गावातल्या कुंभाराने नेली. एका एकरात नवी रोपे, दुसऱ्यात ताग पेरून जमिनीला एक पावसाळा विश्रांती. नव्या लावणीला वाय मांडव, ठिबक आणि रोपांची रक्कम मिळून कर्ज काढणे भाग होते, आणि तिथे सातबाऱ्याचा प्रश्न आला. दोन वर्षे बाग मुलगा करीत होता, पण कागदावर तो कोणीच नव्हता. पीककर्ज वडिलांच्या नावे, अनुदानाचा अर्ज वडिलांच्या नावे, विमाही त्यांच्याच नावे. द्राक्षपट्ट्यात चाळिशीतले कितीतरी शेतकरी असे आहेत, की ते बापाच्या नावावर शेती करतात आणि बँकेत गेले की ‘वडिलांना घेऊन या’ हे ऐकतात. मोकळीक खरी की बोलण्यापुरती, याची परीक्षा घ्यायची तर तलाठ्याचे दप्तर उघडावे. जमीन वडिलोपार्जित होती, त्यामुळे एक एकरही मुलाच्या नावे करायचा, तर वाटपाला सगळ्या हिस्सेदारांची संमती हवी. 2005 च्या दुरुस्तीनंतर वडिलोपार्जित मिळकतीत मुलीचा हिस्सा मुलाइतकाच असतो. म्हणजे पुण्यात दिलेल्या बहिणीची सहीही हवी.

बहीण आली. सगळे गृहीत धरून बसले होते, की ती सही करेल. तिने केलीही. मात्र आधी तिने एक गोष्ट विचारली. भाऊ चाकणहून परतला तेव्हा घरात चार महिने अबोला झाला, तो शेती करणार की नाही यावर. तिने बी. एस्सी. ॲग्री केले होते, तिच्या वर्गात पहिल्या पाचांत होती. ती बागेत येणार का, हे एकदाही कुणाच्या मनात का आले नाही? वडिलांजवळ उत्तर नव्हते. तिचे लग्न ठरवताना नोकरीवाला मुलगा पाहिला होता, शेतकऱ्याच्या घरी द्यायची नाही असे त्यांनीच ठरवले होते; गावातल्या इतर मुलींचे बापही तसेच ठरवतात आणि मग आपल्या मुलासाठी मुलगी मिळत नाही म्हणून हवालदिल होतात, हे वर्तुळ त्या ओट्यावर पहिल्यांदा कुणीतरी मोठ्याने काढून दाखवले. तिने तिचा हक्क सोडला नाही. भावाच्या एका एकराच्या वाटपाला संमती दिली, आणि उरलेल्या तीन एकरांत आपला हिस्सा आहे हे कागदावर तसेच राहू द्यायचे, असे सांगितले. वडिलांना ते लागले, पण त्यांनी मान हलवली. आता काही हंगामांत थिनिंगच्या वेळी ती आठ-दहा दिवस येते आणि नव्या जातीच्या घडाचा आकार कसा ठेवायचा यावर भावाशी वाद घालते. तिचे बरेचसे बरोबर निघते.

एक एकर मुलाच्या नावे चढला, तेव्हा तो गावच्या विकास सोसायटीचा सभासद होऊ शकला. 2023 च्या उन्हाळ्यात मांडवाच्या कर्जाचा अर्ज सोसायटीत गेला. सचिवाने सवयीने कर्जदाराच्या जागी वडिलांचे नाव लिहायला घेतले. त्या घराचे कर्ज तीस वर्षे त्याच नावावर होते. वडिलांनी त्याला थांबवले आणि फॉर्म आपल्याकडे ओढून घेतला. कर्जदार म्हणून मुलाचे नाव सांगितले. खालच्या जामीनदाराच्या रकान्यात त्यांनी स्वतः सही केली, आणि सचिवाला विचारले, की जामीनदाराला कर्जाचा पैसा कुठे खर्च झाला ते पाहायचा अधिकार असतो का. सचिव म्हणाला, नसतो. फक्त थकले तर नोटीस येते. वडिलांनी पेनाचे टोपण लावले आणि कर्ज कधी मिळेल ते विचारून ते बागेत परतले. टोळी आली होती, तिला सावलीची जागा दाखवायची होती.